ठाणे 1321 : साधनपुस्तिकेच्या कामाची वही

9 एप्रिल 2025, बुधवार

आजपासून वही सुरू. आम्ही तिघं आहोत. मी, निवृत्त मराठीची मास्तरीण. वसईचे फादर, आयुष्यभर लॅटिन शिकवलेले. आणि माझी भाची, जिला पुस्तकाची मांडणी येते आणि माझ्या सबबी ओळखता येतात.

काम असं : 1321 साली ठाण्यात चार फ्रान्सिस्कन, म्हणजे संत फ्रान्सिसच्या संघातले, धर्मबंधू मारले गेले. टॉलेंटिनोचा थॉमस, पादुआचा जेम्स, सिएनाचा पीटर आणि तिफ्लिसचा देमेत्रियस. त्यांच्याविषयी त्या काळातले आणि त्या काळाच्या जवळचे जे कागद टिकले, ते मराठीत आणायचे, टिपांसकट. चोपन्न-साठ पानांच्या वर जायचं नाही, असं भाचीने बजावलंय.

तारीख मुद्दाम आजची धरली. तिघांना मारलं ती 9 एप्रिलचीच रात्र, चौथा एक-दोन दिवसांनी सापडला.

जन्म ठाण्यातला, पण ही हकिकत मला पन्नाशी उलटल्यावर कळली. इथे कुणालाही विचारा, ख्रिस्ती धर्म पोर्तुगीजांनी आणला असं सांगतील. पोर्तुगीजांना वसई मिळाली 1534 मध्ये. ही गोष्ट त्याच्या 213 वर्षं आधीची. आणि हे चौघे आले तेव्हा ठाण्यात ख्रिस्ती घरं होतीच, नेस्टोरियन म्हणजे पूर्व सिरियाई पंथाची. त्यातल्याच एका घरात ते उतरले होते.

14 एप्रिल

पहिला आठवडा चुकीच्या कपाटापुढे गेला. मध्ययुगीन चर्चची साधनं म्हटलं की जो तो मीन्यकडे बोट दाखवतो. पॅरिसच्या या पाद्रीबुवांनी 1844 ते 1855 या काळात लॅटिन ग्रंथकारांचे 217 खंड छापले. अचाट काम आहे. पण ती माला तिसऱ्या इनोसंटपाशी, म्हणजे 1216 ला थांबते. आमची माणसं शंभर वर्षं उशिराची. 1819 मध्ये सुरू झालेली जर्मनांची मोठी माला आहे, पण तिचा जीव जर्मन साम्राज्यात. ठाणं तिथे कशाला येईल?

फादर म्हणाले, "अहो बाई, आधी हे बघा की ही माणसं कोणाची होती. ज्यांची माणसं, त्यांच्याकडे कागद." खरंच. फ्रान्सिस्कनांनी आपल्या पूर्वेकडच्या प्रवाशांचे मूळ लॅटिन मजकूर 1929 मध्ये एकत्र छापले, घटनेनंतर ठाण्याला येऊन गेलेला ओडोरिक त्यात आहे. इंग्रजीत हेन्री यूल यांचं काम 1863 आणि 1866 चं, टिपा अजून वाचनीय. दीडशे वर्षांपूर्वीचा तो इंजिनिअर माणूस कोकणातली फळं ओळखतो. पुढे कळेलच.

20 एप्रिल, ईस्टर

सकाळी फादरना शुभेच्छांचा फोन केला, त्यातून गणित निघालं. 1321 चा ईस्टर 19 एप्रिलला होता. म्हणजे झावळ्यांचा रविवार 12 ला, आणि 9 एप्रिल त्याच्या आधीचा गुरुवार. यंदाचा ईस्टर 20 ला. एका दिवसाचा फरक. (जुनी दिनगणना वेगळी, त्यामुळे ऋतूच्या हिशेबाने आठवडाभर इकडेतिकडे. पण तरी.)

3 मे

कागदांची प्रत लावली. राजवाड्यांनी ज्या अर्थाने 'साधनं' म्हटलं त्याच अर्थाने मी पाहतेय : कागद घटनेपासून किती लांब, आणि लिहिणारा स्वतः तिथे होता का.

सगळ्यात जवळ जॉर्डानसची दोन पत्रं. हा डॉमिनिकन, म्हणजे दुसऱ्या संघाचा, दक्षिण फ्रान्सकडचा. चौघांबरोबर त्याच जहाजाने आला. निघाले होते कोल्लमला, पोचले ठाण्याला. घटना घडली तेव्हा मात्र तो ठाण्यात नव्हता, भरूचच्या दिशेने गेला होता. परतून त्याने प्रेतं सोपाऱ्याला पुरली. पहिलं पत्र 12 ऑक्टोबर 1321 चं, खंबातच्या आखातावरच्या घोघ्याहून. म्हणजे घटनेनंतर सहा महिने. दुसरं ठाण्याहूनच, जानेवारीतलं. दोन्ही अस्सल नाहीत, पॅरिसच्या राष्ट्रीय ग्रंथालयातल्या हस्तलिखितात नकला आहेत. पण पत्रं ती पत्रं.

दुसरा ओडोरिक, पोर्देनोनेचा फ्रान्सिस्कन. घटनेनंतर काही वर्षांत ठाण्याला आला, हाडं उकरून बरोबर घेतली आणि थेट चीनपर्यंत, झायतुन म्हणजे आजच्या च्वानचौला नेली. पण त्याने हे सांगितलं 1330 च्या मे महिन्यात, पादुआत, परतल्यावर. स्वतः लिहिलं नाही, सोलान्याचा विल्यम म्हणून दुसरा धर्मबंधू लिहून घेत होता. पुढच्या जानेवारीत ओडोरिक वारला.

म्हणजे आपल्या भाषेत एक पत्रं आणि एक बखर. आणि गंमत बघा, बखरीच्या शंभराहून जास्त हस्तप्रती युरोपभर पसरल्या. पत्रं एका कोपऱ्यात पडून राहिली. जॉर्डानसने पुढे हिंदुस्थानच्या नवलांवर एक छोटं पुस्तक लिहिलं, त्याची आज ठाऊक असलेली हस्तप्रत एकच, ती लंडनला.

11 मे

माझी घोडचूक. लिहून ठेवते, नाहीतर पुढच्या आवृत्तीत पुन्हा करीन.

गेले पंधरा दिवस मी 'ताना' शब्द दिसला की टिपण काढत होते. इटालियन व्यापाऱ्यांची ठाण्यात वखार! व्हेनिसची वसाहत, जिनोआची वसाहत! भाचीला फोन करून सांगितलंसुद्धा. ती शांतपणे म्हणाली, "मावशी, तुझ्या ठाण्यात बर्फ पडतो का?" टिपणात लिहिलं होतं की हिवाळ्यात नदी गोठते.

ती ताना म्हणजे अझोव समुद्राकाठची, डॉन नदीच्या मुखावरची. चौदाव्या शतकात तिथे खरोखरच व्हेनिस आणि जिनोआचे व्यापारी होते. स्पेलिंग तेच. सतरा टिपणं टोपलीत गेली.

यातून एक नियम केला : गावाचं नाव एकटं धरायचं नाही, शेजारी धरून ओळखायचं. तानाच्या शेजारी सुपेरा, पारोक्को आणि गागा आले की सोपारा, भरूच, घोघा, आणि मग ते आपलं ठाणं. 'कोलुंबुम'चीही तीच तऱ्हा. कान कोलंबो ऐकतो, पण ते कोल्लम आहे.

18 मे

दुसऱ्या पत्राचं साल. नकलेत 1323 आहे, महिना जानेवारी. अभ्यासक 1323 किंवा 1324 असं लिहितात. भाचीला वाटलं, जुन्या लोकांना साल माहीत नसायचं. मला मात्र शके आठवले. जानेवारीत पौष-माघ चालू असतो, पाडवा यायचा असतो, म्हणून शक मागचाच लिहितात. युरोपातही तेव्हा पुष्कळ ठिकाणी वर्ष 25 मार्चला बदलायचं. त्या हिशेबाने त्यांचं 1323, आपलं 1324. शके 1245.

पत्रातच पुरावा आहे. जॉर्डानस म्हणतो, सोबती गेल्यावर मी अडीच वर्षं इथे एकटा आहे. एप्रिल 1321 पासून मोजा. जानेवारी 1323 म्हटलं तर दोनसुद्धा पुरी होत नाहीत. 1324 च.

फादर फोनवर हसले. "पाडव्याने सोडवलंत!"

25 मे

आज दिवसभर दुसरं पत्र. पानं दोन-तीनच, पण पुन्हा पुन्हा थांबावं लागतं.

मला अपेक्षा होती स्तोत्राची. मिळाला एक आजारी, चिडलेला, एकटा पडलेला माणूस. चाच्यांनी पकडलं, तुरुंगात घातलं, खोटे आरोप झाले, शिव्याशाप मिळाले. अंगावर संघाचा झगा उरला नाही, नुसत्या सदऱ्यावर भटक्यासारखा फिरतोय. भूक, तहान, थंडी, ऊन, दुखणी. कधी डोकं, कधी छाती, कधी पोट, कधी हातपाय. आणि या यादीत, मुसलमानांच्या छळाच्या बरोबरीने, खोट्या ख्रिस्ती लोकांनी केलेली बदनामी. म्हणजे इथल्याच ख्रिस्ती मंडळींशी त्याचं पटत नव्हतं.

त्यातच हिशेब देतो. पारोक्कोत नव्वदएक जणांना बाप्तिस्मा दिला, नंतर वीसहून जास्त, ठाणे ते सोपारा या टापूत पस्तीस. मोठमोठी धर्मांतरं सांगायचा मोह त्याला झालेला नाही. या आकड्यांवर माझा विश्वास बसतो तो ते लहान आहेत म्हणून.

मराठी करताना झगा शब्द फादरनी दिला. मी 'धर्मवस्त्र' लिहिलं होतं. ते म्हणाले, "आमच्याकडे असं कुणी म्हणत नाही."

1 जून

आंबा! जॉर्डानसच्या पुस्तकात एका फळाचं नाव 'अनिबा'. गोड, फार चविष्ट, प्लमसारखं मोठं म्हणे. यूल यांनी आंबा ओळखला होता. पण 'अनिबा' कसं झालं? फादरनी कागदावर काढून दाखवलं. त्या काळच्या लिपीत 'म'चं अक्षर म्हणजे सारख्या उंचीच्या तीन उभ्या काड्या. 'न' म्हणजे दोन, 'इ' म्हणजे एक, आणि इच्या डोक्यावर टिंब नसायचंच. तीन काड्या त्या तीन काड्या. 'अंबा' लिहिलेलं असेल, नकलकाराने किंवा वाचणाऱ्याने 'अनिबा' वाचलं. त्याने बिचाऱ्याने आंबा कुठे खाल्लेला?

हा आमचा तर्क, टिपेत तसंच म्हणायचं. मोडीत 'व' आणि 'ब' वाचून डोळे फुटलेल्या माणसाला मात्र तो लगेच पटेल.

शिवाय 'नार्जिल' आणि 'तारी'. नारळ आणि ताडी. ज्या माणसाच्या कानावर हे शब्द पडले तो बाजारात उभा राहिलेला माणूस आहे. बिनछपराच्या बुरुजात पक्ष्यांपुढे प्रेत ठेवणारे, अग्नीची पूजा करणारे लोकही त्याने नोंदवलेत. पारशांची विहीर, साफ ओळखू येते.

15 जून

पाऊस. वीज दोनदा गेली. ओडोरिकचं ठाण्याचं पान पूर्ण.

एकाच परिच्छेदात तो सांगतो की हे शहर पोरस राजाचं, ज्याने अलेक्झांडरशी युद्ध केलं. आणि इथले उंदीर कुत्र्याएवढे, मांजराला न आवरणारे, त्यांना कुत्रेच धरतात. पहिलं साफ चूक, पोरस झेलमकाठचा. दुसऱ्यावर युरोपातले वाचक हसले असतील, पण आमच्या चाळीच्या मागच्या गटाराशी राहिलेल्या कुणालाही विचारा. घूस आहे ती! आमच्या मोत्यानेच धरली होती एक.

ऐकीव इतिहासात चुकतो, डोळ्यांनी पाहिलेल्यात बरोबर असतो. हे ध्यानात ठेवून पुढची हकिकत वाचायची, कारण ती त्याने ऐकलेली आहे.

29 जून

आज तिघांचं वाजलं.

ओडोरिकच्या हकिकतीत काजी चौघांशी धर्मावर वाद घालतो आणि शेवटी विचारतो, आमच्या पैगंबरांविषयी तुमचं मत काय. थॉमस उत्तर देतो. ते उत्तर अपमानाचं आहे, आणि सगळं तिथून बिघडतं. भाचीचं म्हणणं, गाळू या, आज कशाला. फादर गप्प होते. मग म्हणाले, "गाळलंत तर त्यांना का मारलं तेच वाचकाला कळणार नाही. उगाच मारलं असं होईल."

मला ते पटलं. साधनपुस्तिकेत कात्री चालवायची तर आपण बखरकारच झालो. ठरलं असं : आशय द्यायचा, शब्द रंगवायचे नाहीत, आणि टीप चांगली लांब लिहायची. ती टीप आजच अर्धी लिहिली. 1220 मध्ये मोरोक्कोत पाच फ्रान्सिस्कन असेच मारले गेले. तिथेही जाहीर उपदेश, प्रतिपक्षाच्या पैगंबरावर टीका, अटक, मृत्यू. त्यांची कथा संघात घरोघरी ठाऊक होती. म्हणजे ठाण्यातली हकिकत सांगणाऱ्याच्या पुढे एक साचा तयार होता. थॉमस नेमकं काय बोलला आणि साच्यातून काय आलं, हे वेगळं काढता येत नाही. पण साचा होता हे तरी वाचकाला सांगायला हवं.

आगीचंही तसंच. जेम्सला आगीत टाकतात, तो साबूत बाहेर येतो. मग कपडे काढून, तेल लावून पुन्हा टाकतात, पुन्हा साबूत. बायबलमधल्या भट्टीतल्या तिघा तरुणांची गोष्ट ज्याला माहीत आहे त्याला हे कुठून आलं ते दिसेल. पुढे ओडोरिक हाडं घेऊन एका घरात झोपतो, घराला आग लावतात, तो झोपला तेवढा कोपरा वाचतो. वारा पडतो तेव्हा एक हाड समुद्रात सोडतात आणि वारा सुटतो. चमत्कार म्हणून हसून सोडून द्यायचं नाही. चौदाव्या शतकातल्या माणसाला हाडं का हवी होती ते यातूनच कळतं.

मूर्तिपूजक, सारासेन (म्हणजे मुसलमान), पाखंडी हे शब्द जसेच्या तसे ठेवले. अनुवाद त्यांचा आहे, मत आपलं नाही.

13 जुलै

खाडीवर जाऊन आले. मजकुरात आहे की अधिकाऱ्याने त्यांना शहराजवळची समुद्राची एक शाखा ओलांडून पलीकडे, एका मूर्तिपूजकाच्या घरी पाठवलं, आणि रात्री मारेकरी तिथे गेले. पुलावरून भरतीचं पाणी पाहिलं, गढूळ, कडेला खारफुटी, तिच्यात अडकलेल्या पिशव्या. लोकल गेली की पूल हलतो. 'समुद्राची शाखा' खोडून 'खाडी' लिहिलं. यासाठी तिकिटाचे पैसे वसूल.

अधिकाऱ्याला ओडोरिक 'लोमेलिक' म्हणतो. 'अल् मलिक' इटालियन कानाला असं ऐकू आलं. आणि आपल्या वाचकांसाठी लगेच खुलासा करतो, म्हणजे पोदेस्ता. इटालियन शहरांत नेमलेला कारभारी असे, तो. मी 'मलिक' ठेवलं.

2 ऑगस्ट

पोपचा कागद. बाविसावा जॉन तेव्हा रोममध्ये नव्हता, आव्हिन्यॉला होता. 1309 ते 1377 पोप तिथेच राहिले. ऑगस्ट 1329 मध्ये त्याने कोल्लमचा धर्मप्रांत उभा केला आणि जॉर्डानसला तिथला बिशप नेमलं. आव्हिन्यॉच्या कचेरीत जाणाऱ्या पत्रांची नक्कल आधी कागदी वहीत उतरत असे आणि मग तीच चर्मपत्रावर पुन्हा. पेशवे दफ्तराचे रुमाल सोडलेल्या माणसाला ही व्यवस्था परकी वाटत नाही. पोपांचं हे व्हॅटिकनमधलं दफ्तर अभ्यासकांना खुलं झालं 1881 मध्ये, तेराव्या लिओच्या काळात. 2019 पर्यंत त्याच्या नावात 'गुप्त' होतं, तो शब्द आता काढलाय. त्या 'गुप्त'चा मूळ अर्थ खासगी एवढाच होता, पण त्याने किती कादंबऱ्यांचं पोट भरलं!

आमच्या कामापुरतं : नेमणुकीच्या कागदात ठाण्याचा जीर्ण सदरा कुठेच नाही. कचेरीची भाषा आहे, घोळदार, सुरक्षित. पुस्तिकेत ते पत्राच्या समोरच्या पानावर ठेवायचं. भाचीला कल्पना आवडली.

10 ऑगस्ट

मुद्रितं आली. 'हौतात्म्य' तीन प्रकारे छापलंय.

24 ऑगस्ट

सगळं पुन्हा सलग वाचलं आणि एका ठिकाणी अडकले, जिथे एप्रिलपासून चार वेळा सरळ पुढे गेले होते.

हे प्रकरण सुरू कशाने झालं? धर्माच्या वादाने नव्हे. ज्या ख्रिस्ती घरात चौघे उतरले होते, तिथे नवरा-बायकोचं भांडण झालं. संध्याकाळी नवऱ्याने तिला मारलं. सकाळी ती उठली आणि काजीकडे तक्रार घेऊन गेली. काजीने विचारलं, पुरावा काय? ती म्हणाली, आहे ना. चार फ्रँक (म्हणजे फिरंगी) रब्बान घरात होते, त्यांनी पाहिलंय.

म्हणून चौघांना बोलावणं गेलं. तिथे बसलेल्या अलेक्झांड्रियाच्या एका माणसाने सुचवलं की हे विद्वान दिसतात, यांच्याशी वाद घालू. आणि मजकूर धर्मावर गेला तो गेलाच. आग, खाडी, तलवार, हाडं, झायतुन. बाईच्या तक्रारीचा निकाल काय लागला, ते ओडोरिक सांगत नाही.

1321 साली ठाण्यात एक ख्रिस्ती बाई मार खाल्ल्यावर दुसऱ्या दिवशी सकाळी मुसलमान काजीच्या दारात उभी राहते, साक्षीदार नेमून देते. साधनं शोधायला मी निघाले होते संतांची. ठाण्याच्या रोजच्या जगण्याबद्दल या सगळ्या कागदांत इतकं नेमकं दुसरं वाक्य नाही. आणि ते साच्यातलंही नाही. हुतात्म्यांच्या कथेची सुरुवात कुणी घरगुती मारहाणीने करणार नाही, घडल्याशिवाय.

संध्याकाळी फादरना सांगितलं. ते बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, "रब्बान हा शब्द बघा. लॅटिन नाही तो. ओडोरिकला अर्थ सांगावा लागलाय, आमच्या भाषेत धर्मगुरू म्हणून. सिरियाई शब्द आहे. तिच्या देवळातला."

म्हणजे तो तिचा शब्द. तिच्या तोंडून काजीकडे, तिथून ज्यांनी ऐकलं त्यांच्याकडे, त्यांच्याकडून ओडोरिककडे, पादुआत विल्यमच्या लेखणीत, आणि शंभर हस्तप्रतींत.

31 ऑगस्ट

प्रस्तावनेचं पहिलं पान फाडलं. आता ती तक्रारीपासून सुरू होते. भाची म्हणाली, चार पानं वाढतील. वाढू देत.

7 सप्टेंबर

नामसूची पूर्ण. थॉमस, जेम्स, पीटर, देमेत्रियस, जॉर्डानस, ओडोरिक, विल्यम, पोप बाविसावा जॉन, सगळे अकारविल्हे बसले. तिचं नाव नाही, मग तिला कुठे घालायचं यावर भाचीने अर्धा तास घातला. शेवटी 'य' खाली ठेवलं : यजमानाची बायको, ठाणे, पृष्ठ 5, 6, 31. पुढे कंसात : रब्बान हा शब्द हिचा.

उद्या छापखान्यात.